खडे

आदल्या रात्री बादली विहिरीत सोडायची.
सागवानी फळ्या पाणी पिऊन फुगतात,
फटी आपोआप मिटतात.
हे अप्पा कॅम्पातल्या मेसमध्ये शिकले,
सव्वीस वर्षं साहेबांची ताटं उचलता उचलता,
आणि मेसचं जुनं सामान निघालं तेव्हा
अकरा रुपयांत ही बादली घेऊन
वडगावपर्यंत सायकल ढकलत आले.

दूध दोन लिटर, म्हशीचं, सकाळचं.
दालचिनीची बोटभर काडी,
सहा वेलदोडे सालीसकट,
आणि चार मिरे, अख्खे.
मिरे साहेबांना चालत नसत,
ते अप्पांचे स्वतःचे.
जायफळ शेवटी, उतरवल्यावर,
किसणीवर तीनदाच.
"चौथ्यांदा घासलं तर गल्ली झोपंल."

अंडी परसात फुटायची.
आई म्हणे, माझ्या चुलीवर नको.
म्हणून रॉकेलचा स्टो, वेगळं पातेलं,
वेगळा चमचा, दांड्याला लाल दोरा.
बलक साखरेत फेटून
त्यात गरम दुधाची एकेक पळी;
घाई केली तर भुर्जीच्या वाटेला लागतं.
मंद आच. आठचा आकडा काढत ढवळायचं.
मग चमच्याच्या पाठीवर बोटानं रेघ ओढायची.
रेघ राहिली की कस्टर्ड झालं.
राहिलेली रेघ मी चाटायचो.

दुपारी खासबागेतून बर्फ, भुशात गुंडाळलेला,
पोत्यात घालून बत्त्यानं धोपटायचा.
एक थर बर्फ, एक थर खडे मीठ.
समोरच्या मागवाल्या कल्लाप्पांची महानंदा
न बोलावता यायची, कॅरिअरवरचं पोतं बघून.
लाइट गेली की गल्लीतले माग थांबत
आणि ऐकू येई आमचीच बादली,
करकर, खळखळ.
ती हँडल फिरवायची ओंद, एरड, मूर करत,
मी एक, दोन, तीन.
शंभराला हात बदलायचे.
शंभराला ती म्हणायची, नूर.
मला वाटायचं, कुणाच्या तरी चेहऱ्याबद्दल बोलतेय.

तळवे लाल होईस्तोवर फिरवायची
आणि डबा उघडला की उठायची.
घरात लिंगाची पूजा, अंडं कसं चालेल?
"नंग बर्फ कोडरी."
मग पोत्यातला, मीठ न लागलेला एक तुकडा
फ्रॉकच्या टोकात धरून
दारातच उभ्यानं चोखत राहायची.
दोन उन्हाळे असेच.

तिसऱ्या मे महिन्यात
दूध आईच्या चुलीवर चढलं.
अंडी? मी विचारलं.
"आणायची राहिली," अप्पा म्हणाले.
अप्पांचं कधी काही आणायचं राहत नसे.
आरारूट कालवून घातलं, ढवळलं, ढवळलं.
बोटानं रेघ ओढली.
रेघेच्या दोन्ही काठांनी दूध ओघळलं
आणि मिळून गेलं.
पुन्हा ओढली. पुन्हा तेच.
"असूंदे की," अप्पा म्हणाले. "उतरव."

मेसमध्ये असलं वाढलं असतं
तर प्लेट परत आली असती:
बर्फाचे खडे दाताखाली,
पोत कुठं दगड, कुठं पाणी.
आई गप्प. मी गप्प. अप्पा आढ्याकडे बघत खात होते.
महानंदानं पहिला चमचा तोंडात ठेवला,
डोळे मिटले,
आणि एकदम काहीतरी काढून तळहातावर घेतलं.
गाळणं जुनं होतं; एक मिरा निसटला होता.
"इद येन्री?"
"तो माझा," अप्पा म्हणाले.
तिनं तो परत तोंडात टाकला
आणि कडकन चावला.

जाताना एक वाटी झाकून नेली कल्लाप्पांसाठी,
पळत, ओघळ मनगटावरून कोपरापर्यंत.
वाटी दुसऱ्या दिवशी परत आली.
तळाशी शेंगाचटणी.
अप्पांनी चिमूटभर जिभेवर ठेवली,
कपाळ पुसलं,
आणि आईला विचारलं,
"बर्फ उरलाय का गं थोडा?"